रिळांचा खरा क्रम

दादांचा सिनेमा ज्या कारणासाठी जगभर गाजला, त्यात दादांचा काडीचाही हात नव्हता. सगळं श्रेय एका फुटलेल्या नळाचं.

झालं ते असं. तरुणपणी दादांनी एकच सिनेमा काढला, 'बलक' नावाचा. अंड्यातला पिवळा बलक, तोच. पाच रिळांचा, साधा, सरळ, आणि खरं सांगायचं तर थोडा रडका. एक आई, तिचा सहा वर्षांचा मुलगा आणि कामासाठी लांब गेलेला बाप. मुलाला उकडलेल्या अंड्यातलं पांढरं तेवढं आवडतं. पिवळं तो बोटांनी कोरून काढतो आणि आईच्या ताटलीत ढकलतो. पुढे तो आजारी पडतो आणि जातो. शेवटच्या रिळात आई अंडं सोलते, सवयीनं पांढरं एका ताटलीत ठेवते, पिवळं दुसरीत, आणि मग तिच्या ध्यानात येतं. ती रडते. बाप बॅग घेऊन दारात उभा राहतो. समाप्त. शेंबड्या पोरालाही कळावी अशी गोष्ट.

पण सिनेमाची प्रिंट ज्या लॅबच्या तळघरात पडून होती, तिथला नळ फुटला. डब्यांवर चिकटवलेले आकडे भिजून खाली पडले आणि कुणा दीडशहाण्यानं ते वाळवून अंदाजपंचे परत डकवले. दुसऱ्या रिळाला पाचवा आकडा मिळाला आणि पाचव्याला दुसरा. मग थिएटरात दिसलं ते असं: एक घर, एक आई, एक मुलगा. एकदम ती बाई अंडं सोलून हमसून हमसून रडते, कोण कुठला माणूस बॅग घेऊन येतो, 'समाप्त' अशी पाटी येते आणि सिनेमा पुढे चालूच राहतो. मुलगा आजारी पडतो. मरतो. मग तोच मुलगा ठणठणीत होऊन अंड्यातलं पिवळं आईला देतो, रस्त्यावरून कॅमेऱ्याकडे धावत सुटतो, त्याचा चेहरा पडदाभर होतो आणि अंधार. दिवे लागतात.

समीक्षकांनी सिनेमा डोक्यावर घेतला. एकानं लिहिलं, मरणाला उलट्या पावली चालायला लावणारा असा दिग्दर्शक झाला नाही. दुसऱ्यानं नुसत्या त्या 'समाप्त'च्या पाटीवर व्याख्यान दिलं. अतिवास्तववाद काय, स्वप्नाचं तर्कशास्त्र काय, ज्याला जे सुचलं ते त्यानं लिहिलं. नळाचं नाव कुणी घेतलं नाही.

दादा पहिल्या खेळाला नव्हते. ते हॉस्पिटलात होते. नटांशी त्यांचं कधी जमलं नाही, म्हणून सिनेमात त्यांनी घरचीच माणसं उभी केली होती. आई म्हणजे त्यांची धाकटी बहीण आणि मुलगा म्हणजे तिचा सख्खा मुलगा, टिल्लू. शूटिंग संपून प्रिंट निघेपर्यंत टिल्लूला मेंदूज्वर झाला, आणि सिनेमा लागला त्याच आठवड्यात तो गेला. नातेवाईक म्हणाले, असलं अभद्र लिहूच नये, लिहिलं की खरं होतं. बहीण तसं कधी म्हणाली नाही. पुढे तिचा नवरा दुसरीकडे संसार थाटून बसला तेव्हा ती ट्रंक घेऊन दादांकडेच राहायला आली, चष्म्याच्या दुकानात नोकरी धरली, आणि तेव्हापासून दोघं एकत्र. ती सत्तरीपुढे गेली तरी दादा तिला 'छोटी' म्हणत आणि रस्ता ओलांडताना तिचा हात धरत. हात कोण कुणाचा धरतंय हे बघणाऱ्याला कळत नसे.

रिळांची भानगड दादांना महिन्याभरानं कळली. पहिली काही वर्षं ते गप्प बसले. कौतुक कुणाला कडू लागतं? पुढे खरं सांगू लागले तर कुणी ऐकेना. दादा गंमत करतात म्हणून टाळ्या पडायच्या. दुसरा सिनेमा त्यांच्याच्यानं झाला नाही. कारखान्यांसाठी सुरक्षेचे माहितीपट काढत त्यांनी आयुष्य घालवलं, आणि चालू यंत्राच्या पट्ट्यात हात घालू नका हे एकच वाक्य इतक्या तऱ्हांनी सांगितलं की शेवटी स्वतःच्या मिक्सरलाही ते बिचकत.

इकडे 'बलक'चे भक्त वाढत गेले. एका जुन्या थिएटरात फिल्म क्लबतर्फे महिन्यातून एका रविवारी दुपारी खेळ व्हायचा. भक्तमंडळी घरून उकडलेली अंडी घेऊन यायची. पडद्यावर बाई अंडं फोडू लागली की सगळे खुर्चीच्या दांड्यावर टकटक करून आपापली अंडी फोडत. ती रडू लागली की अख्खं थिएटर तिच्याबरोबर 'ऊंऽऽ' करून गळा काढी आणि हसून हसून लोकांची पोटं दुखत. 'समाप्त' आलं की सगळे उभे राहून टाळ्या वाजवत आणि परत बसत. दादा एकदाच गेले होते. गळा काढण्यापर्यंत बसले, मग उठून बाहेर आले आणि बसस्टॉपवर बराच वेळ हात मांडीवर ठेवून बसून राहिले. त्यांच्या बहिणीच्या रडण्याला लोक हसत होते. आणि ते रडणं लिहिलेलं त्यांनी होतं, करवून घेतलेलं त्यांनी होतं, चार-पाचदा 'पुन्हा एकदा, छोटी' असं म्हणून.

त्या दिवसापासून दादांच्या मनानं एकच घेतलं. मरायच्या आधी एकदा तरी हा सिनेमा जसा आहे तसा लोकांनी बघावा, आणि छोटी कशासाठी रडते हे त्यांना कळावं. बस्स.

आणि संधी आपल्या पायानं घरी आली. डिस्कवाल्याच्या रूपानं.

हा माणूस जुने, विचित्र, डोकं फिरवणारे सिनेमे शोधून काढी, मूळ निगेटिव्हवरून ते नव्यानं झळझळीत करी आणि जाड पुठ्ठ्याच्या देखण्या डब्यात घालून हाय डेफिनिशन डिस्क विकी. सोबत पुस्तिका, पोस्टर, समीक्षकाची बडबड. असल्या डब्यांसाठी जीव टाकणारे लोक असतात. डिस्कवाला स्वतः त्यातलाच. दादांच्या बैठकीत तो असा बसला होता की खुर्चीला आपलं वजन जाणवू नये.

"सर, निर्मात्याच्या मुलाकडे निगेटिव्ह सापडली," तो म्हणाला. "पाचही रिळं. कुठं बुरशी नाही, काही नाही. तुम्ही फक्त हो म्हणा. आणि एक कल्पना आहे. प्रत्येक डब्यात आम्ही एक रबरी अंडं देणार. दाबलं की रडतं."

दादांनी चहाचा कप खाली ठेवला. "काय करतं?"

"रडतं, सर. ऊंऽऽ असं."

आतल्या खोलीत छोटी कपड्यांच्या घड्या घालत होती. तिला ऐकू गेलं असणार या विचारानं दादांच्या कानाच्या पाळ्या तापल्या.

"अंडं नाही," ते म्हणाले. "आणि दुसरी गोष्ट. रिळं खऱ्या क्रमानं लागतील. निगेटिव्हच्या कडेला आकडे छापलेले असतात, ते तुमच्या माणसांना वाचता येतात. त्या क्रमानं. नाहीतर तुम्ही आलात तसे जा."

डिस्कवाला क्षणभर हसला. सवयीनं हसला, सगळे हसत तसा. मग दादांच्या चेहऱ्याकडे बघून त्याचं हसू विरलं. "म्हणजे ते खरं आहे? नळाचं?"

"मी काय विदूषक वाटलो तुम्हाला?"

डिस्कवाला बिचारा अडचणीत सापडला. धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं. "सर, आमचं गिऱ्हाईक वेडं आहे," तो काकुळतीला येऊन म्हणाला. "वेड्याला शहाणं केलं तर आमचं दुकान बंद. असं करू, दोन डिस्क घालू. एकावर लोकांचा, एकावर तुमचा. ज्याला जो हवा तो बघेल."

तोडगा चांगला होता. पण चांगल्या तोडग्यावर समाधान मानतील तर ते दादा कसले. दोन डिस्क दिल्या तर लोक कुठली लावतील हे सांगायला ज्योतिषी नको. त्यांनी मान हलवली. डिस्क एकच. आणि करारात स्पष्ट लिहायचं की जुन्या क्रमाचा सिनेमा यापुढे कुठेही दाखवायचा नाही, आणि क्लबकडची जुनी प्रिंट मागवून घेऊन नष्ट करायची. दोन आठवडे फोनाफोनी चालली. शेवटी 'प्रथमच, दिग्दर्शकाच्या मनातला बलक' असं वेष्टणावर छापता येईल हे डिस्कवाल्याला सुचलं, आणि त्याला जरा धीर आला.

दादा स्वयंपाकघरात गेले ते छाती काढूनच. छोटी भाजी निवडत होती.

"जिंकलो," ते म्हणाले. "जुना बंद. कायमचा."

तिचा हात थांबला. "बंद म्हणजे? तो रविवारचा खेळसुद्धा?"

"सगळा! आता कुणाची टाप आहे तुला हसायची."

"कशाला पण दादा," ती म्हणाली. "इतकी वर्षं चाललंय ते चाललंय. आहे ते बरं आहे की."

"तुला काय कळतंय त्यातलं! ती अंडी घेऊन दारात आलेली कार्टी विसरलीस?"

एकदा खरंच कॉलेजातली तीन पोरं दारात आली होती, उकडलेल्या अंड्यावर सही घ्यायला. दादा काठी शोधेपर्यंत छोटीनं पेन घेऊन तिन्ही अंड्यांवर सही केलीसुद्धा होती, आणि खेळाला गर्दी होती का, असंही विचारलं होतं. बिचारीचा स्वभावच भिडस्त, असं दादांनी तेव्हा स्वतःला सांगितलं. आताही तेच सांगितलं.

"तू नको काळजी करूस," ते म्हणाले. "मी भांडलोय ना तुझ्यासाठी."

छोटीनं त्यांच्या तोंडाकडे पाहिलं. कित्येक वर्षांत दादांचा चेहरा एवढा खुललेला तिनं पाहिला नव्हता. ती भाजी निवडत राहिली.

पुढचे काही महिने दादांचे फार आनंदात गेले. डिस्कवाल्याच्या कचेरीत मागच्या बाजूला एक काळी खोली होती, तिथं भिंतभर पडदा, आणि पडद्यापुढे एक बाई बसलेली. तिच्या हुद्द्याचं नाव भलंमोठं होतं, पण काम सफाईचं. निगेटिव्हची एकेक चौकट यंत्रानं टिपून घेतलेली असे. त्यावरची धूळ, ओरखडे, कॅमेऱ्यात अडकलेला केस, सगळं ती बाई बसल्या जागी पुसून काढी. दादा रोज जाऊन तिच्या मागे स्टूल टाकून बसत. नसत्या ठिकाणी नाक खुपसत.

"पिवळा किती पिवळा हवाय, सर?" ती विचारी.

"एवढा नको. अंडं आहे, लिंबू नव्हे. हं. आता बरोबर."

धावण्याचा प्रसंग आला त्या दिवशी मात्र दादांना नाक खुपसायला सुचलं नाही. थिएटरच्या घासून घासून पांढऱ्या पडलेल्या प्रिंटमध्ये टिल्लू म्हणजे उन्हात हलणारा एक ठिपका होता, जवळ आला की धूसर चेहरा. इथं तो समोर उभा राहिला. गुडघ्यावरची खपली दिसत होती. पुढचा एक दात पडलेला. सदऱ्याचं वरचं बटण वेगळ्या रंगाचं, ते छोटीनं आदल्या रात्री शिवलं होतं. तो धावत येताना कॅमेऱ्यात बघत नव्हता, जरासा बाजूला बघत होता. कारण कॅमेऱ्याच्या बाजूला छोटी हात पसरून उभी होती, आणि तो कॅमेऱ्याकडे नव्हे, तिच्याकडे धावत होता.

"गोड आहे हो," सफाईवाली बाई म्हणाली. "आता काय करतो हा? मोठा झाला असेल."

दादांना खोकला आला. तो बराच वेळ टिकला.

जुनी प्रिंट नष्ट करायच्या दिवशीही दादा हट्टानं हजर राहिले. क्लबवाल्यांनी ती रडतकढत पाठवली होती. एका शेडमध्ये पत्रे कापायचं यंत्र होतं, त्यात कामगारानं रिळं उलगडून सोडली. फिल्मचे बोटभर तुकडे खाली पोत्यात पडू लागले. कामगारानं यंत्राच्या पट्ट्याजवळ हात नेला तशी दादा जुन्या सवयीनं ओरडले, "हात मागे!" एवढंच काय ते त्या दिवशी दचकण्यासारखं घडलं. पोतं भरल्यावर दादांनी वाकून खात्री करून घेतली आणि येताना छोटीसाठी द्राक्षं आणली.

डिस्क निघाली. डबा सुरेख होता, पाठीवर खऱ्या क्रमाची ग्वाही होती आणि आतल्या पुस्तिकेत दादांनी नळापासून सगळी हकिगत लिहिली होती. निगेटिव्हच्या कडेच्या आकड्यांचे फोटोही होते, म्हणजे यावेळी गंमत म्हणायची कुणाची छाती होऊ नये.

कुणी गंमत म्हटलंही नाही. निवडक समीक्षकांना आणि क्लबच्या जुन्या भक्तांना बोलावून डिस्कवाल्यानं एक खेळ केला. दादा शेवटच्या रांगेत बसले. छोटी आली नाही, गुडघा दुखतो म्हणाली. मध्यंतराआधीच दोघं-तिघं उठून गेले. बाईनं अंडं फोडलं तेव्हा कुठून तरी एकच टकटक ऐकू आली आणि लगेच थांबली. मग ती रडली. कुणी हसलं नाही. कुणी रडलंही नाही. एकजण मोबाईल बघत होता, त्याच्या चेहऱ्यावर निळा उजेड पडला होता. दिवे लागल्यावर लोक दादांना नमस्कार करून, डोळे चुकवून निघून गेले. ओळखीच्या घरातल्या माणसाला भेटायला जावं आणि चुकीच्या वेळी पोचावं, तसे.

मग छापून येऊ लागलं. सामान्य कौटुंबिक चित्रपट. हेतू चांगला, गती संथ. रडण्याचा प्रसंग लांबलेला. एकानं लिहिलं, इतकी वर्षं आपण एका फुटक्या नळाची पूजा केली, नळच थोर होता. भक्त तर चवताळले. म्हाताऱ्यानं आमचा सिनेमा मारला, असं त्यांनी जागोजागी लिहिलं. महिन्या दोन महिन्यांत तेही थंड झाले. क्लबनं रविवारचा खेळ बंद केला, आणि रविवारच्या गर्दीवरच तग धरून असलेलं ते थिएटर एका फर्निचरवाल्यानं गोदामासाठी घेतलं. करायला गेलो एक आणि झालं भलतंच, असं डिस्कवाला फोनवर म्हणाला. आवाजात राग नव्हता, म्हणून दादांना जास्त लागलं.

तरी ते खचले नाहीत. म्हणाले, जगाला कळलं नाही तर खड्ड्यात जाऊ दे. जिच्यासाठी केलं तिनं अजून कुठं पाहिलाय? छोटी आज नको, उद्या बघू करत होती. कधी गुडघा, कधी डोळे. शेवटी एका दुपारी दादांनी पडदे ओढले, तिला हाताला धरून खुर्चीत बसवलं आणि डिस्क लावली.

पहिलं रीळ तिनं घड्या घातल्यासारखं नीट, हात मांडीवर ठेवून पाहिलं. दुसऱ्यात टिल्लू आला, तशी ती पुढे सरकली. इतकी सरकली की खुर्चीच्या अगदी टोकावर आली. बटण, खपली, पडलेला दात, सगळं तिला दिसत होतं. अंड्यातलं पिवळं तिच्या ताटलीत पडलं. मग तो रस्त्यावरून धावत निघाला. चेहरा पडदाभर झाला, अंधार झाला, आणि छोटी हातांवर जोर देऊन उठायला लागली.

"कुठं चाललीस?"

"संपला ना?"

"अगं, आता कुठं सुरू होतोय!"

ती परत बसली. तिसऱ्या रिळात टिल्लू अंथरुणावर होता. कपाळावर ओली पट्टी, ओठ सुकलेले. नव्या डिस्कमध्ये ओठांवरच्या चिरासुद्धा दिसत होत्या. तो मेकअप होता, दादांनी स्वतः केलेला, पण त्यानंतर थोड्याच दिवसांनी दोघांनीही ते ओठ मेकअपशिवाय तसेच पाहिले होते. चौथ्या रिळात तो गेला. पाचव्यात अंडं. दादा पडद्याकडे बघत नव्हते, बहिणीकडे बघत होते. आता तिला वाटेल, आता तिच्या डोळ्यांत पाणी येईल, आता ती म्हणेल, दादा, तू माझं रडणं मला परत दिलंस. छोटी कोरड्या डोळ्यांनी बसली होती. बस चुकल्यावर माणूस बसतं तशी. बाप दारात आला. समाप्त. खरंच समाप्त.

"कसा वाटला?" दादांनी विचारलं.

"चांगला आहे," ती म्हणाली. मग म्हणाली, "म्हणजे शेवटी तो मरतोच."

"मरतोच म्हणजे? गोष्टच ती आहे. तू का रडतेस ते आता लोकांना..."

"मी का रडले ते मला ठाऊक आहे, दादा. लोकांना कळलं काय, न कळलं काय."

"ते हसायचे गं तुला! गळा काढून हसायचे. मी ऐकलंय या कानांनी."

"हसायचे की. मीपण हसायचे."

दादांना वाटलं आपल्याला नीट ऐकू आलं नाही. "तू कधी..."

"मी जायचे ना. खेळ असला की जायचे. तुला सांगायचे नाही, तुला वाईट वाटलं असतं. मागच्या कोपऱ्यात बसायचे, डोक्याला रुमाल बांधून. दोन-चार जणांनी ओळखलं होतं मला, पण कधी तसं दाखवलं नाही त्यांनी. चांगली पोरं होती." ती पडद्याकडेच बघत होती. पडद्यावर आता नुसतं डिस्कचं पान होतं, रिळांची नावं एकाखाली एक. "तू मधेच उठून आलास, शेवट पाहिलाच नाहीस. टिल्लू धावायला लागला की सगळे उभे राहायचे. आणि हाका मारायचे त्याला. 'ये, ये, ये रे!' म्हणून. सगळं थिएटर. कुणाची कोण पोरं ती, घसा फुटेस्तोवर ओरडायची. मीपण ओरडायचे. दुसरीकडं कुठं मारणार होते मी त्याला हाक? घरात मारली असती तर तूच डॉक्टरकडं नेलं असतंस मला."

दादांनी हातातला रिमोट खाली ठेवला.

"आधी मरायचा आणि मग यायचा," छोटी म्हणाली. "चूक होती ती, मला काय कळत नव्हतं? माझ्यासमोर गेलाय तो. पण तेवढी एक चूक माझ्या बाजूची होती."

"मग बोलली का नाहीस?" दादा जवळजवळ ओरडलेच. "एक शब्द बोलायचंस!"

"बोलले की. कशाला म्हटलं, आहे ते बरं आहे म्हटलं. आणखी कसं बोलायचं? तू एवढा खूश होतास. टिल्लू गेल्यापासून तुला खूश पाहिलं नव्हतं मी. अभद्र लिहिलं, अभद्र लिहिलं म्हणून आतल्या आत खात होतास स्वतःला, मला दिसत नव्हतं का? म्हटलं, होऊ दे याच्या मनासारखं."

दादा उठले, परत बसले, परत उठले. "मी आत्ता फोन करतो त्याला. करार गेला चुलीत. दुसरं रीळ परत शेवटी लावून देईल तो. कॉम्प्युटरवर दोन मिनिटांचं काम आहे ते, मी पाहिलंय."

"डिस्क होईल रे," छोटी समजुतीनं म्हणाली, लहान मुलाला सांगावं तशी. "ती माणसं कुठून आणशील? आणि आणलीस तरी, तू सगळं छापून दिलंयस ना आता. तो येत नाही, नुसतं रीळ चुकलं होतं, हे कळलंय त्यांना. कळल्यावर कोण हाका मारतंय?"

पण निरुत्तर होऊन बसणं दादांच्या रक्तात नव्हतं, आणि तेच तर सगळ्याच्या मुळाशी होतं. त्यांनी रिमोट उचलला, चष्मा वर सारून बटणं शोधली आणि दुसरं रीळ लावलं.

"हे बघ. पाचवं झालंय. आता हे. हाच शेवट. तू हाक मार."

"इथं? आपण दोघंच?"

"मार गं."

पडद्यावर टिल्लूनं पिवळं कोरून काढलं, ताटलीत ढकललं, बोट चाटलं. दार उघडून तो बाहेर पळाला. रस्ता लागला. छोटी तोंड मिटून बसून होती, आणि दादांनी पाहिलं की तिला जमत नाहीये, ती प्रयत्न करतेय आणि तिला जमत नाहीये. मग दादा स्वतः उभे राहिले. बंद पडद्यांच्या खोलीत, ऐंशीला टेकलेल्या फाटक्या आवाजात ते ओरडले, "ये! ये रे टिल्लू! ये!"

शेजारच्या घरात कुणीतरी खिडकी लावून घेतली. टिल्लू धावत येत होता, कॅमेऱ्याच्या जरासं बाजूला बघत, हसत. "ये रे!" दादा ओरडले. चेहरा मोठा झाला, पडदाभर झाला, अंधार झाला. दादांचा अंगठा बटण शोधत होता. थिएटरात इथं दिवे लागायचे. डिस्क थांबली नाही. अंधारातून अंथरूण आलं, ओली पट्टी आली, चिरलेले ओठ आले.

"बंद कर, दादा," छोटी म्हणाली.

त्यांना बटण सापडत नव्हतं.